चित्र माझं, आवाज तुझा

सुमेध,

गेल्या रविवारी धुळ्यात तुझ्या पुण्यानुमोदनाला मला दोन शब्द बोलायला उभं केलं. विहाराचा हॉल भरला होता, बाहेर चपलांपाशीही माणसं उभी होती. माझ्या आधी शिंदखेड्याकडचे एक गृहस्थ बोलले. तुझेच पेशंट. पांढरा शर्ट, उजवा हात उचलत नाही म्हणून खिशात ठेवलेला. त्यांना एकच वाक्य बोलायचं होतं आणि त्याला पाच मिनिटं लागली. ‘सरनी... माले... बोलतं... करं.’ मधल्या त्या लांब थांबण्यात कुणी खोकलं नाही, कुणी त्यांच्या वतीनं शब्द पुरवला नाही. भंतेजीही डोळे मिटून थांबले. तुझ्या खोलीत बसून गेलेल्या माणसांना एवढं नक्की कळतं की समोरच्याचा शब्द त्याचा त्यानंच काढायचा असतो.

मग मी बोललो. भरभर बोललो. अकरावीपासूनचा मित्र, सच्चा माणूस, खानदेशातल्या कितीतरी घरांना परत आवाज देणारा. सगळं खरं होतं. लोकांनी माना हलवल्या. तुझी रंजना पहिल्या रांगेत बसली होती, तिनंही मान हलवली. खाली बसल्यावर मला वाटलं, आज या हॉलमध्ये मी एकटाच असा आहे ज्याला सगळे शब्द येतात आणि ज्यानं बोलायचं तेच बोललं नाही.

ते इथे लिहितो. मी तुझ्यावर जळत होतो. एखाद्या दिवशी नाही, शेवटची तीन वर्षं, दर आठवड्याला.

आधी तसं नव्हतं, हे तुलाही माहीत आहे. धुळ्याच्या कॉलेजात आपण एका बाकावर बसायला लागलो तेव्हा मी सावद्याच्या केळीवाल्यांचा मुलगा होतो आणि तुझे वडील एसटीच्या वर्कशॉपमध्ये होते. बारावीला थोडक्या गुणांनी तुझं मेडिकल हुकलं, माझं झालं. तू वाचा-उपचार शिकायला गेलास. मी तुला म्हणालो होतो, ‘म्हणजे तोतऱ्या पोरांचे क्लास घेणार?’ तू हसलास. मला तेव्हा वाटलं की तुला ते विनोदी वाटलं.

मी रेडिओलॉजिस्ट झालो. जळगावात काळोख्या खोलीत पडद्यासमोर बसून माणसांची आतली चित्रं वाचायची, दोन परिच्छेद लिहायचे, पुढचं चित्र. ज्यांचे मेंदू मी पाहिले ते लोक बाजारात समोर आले तरी मला ओळखू येत नाहीत. तू धुळ्यात एका गल्लीत खोली घेतलीस, लकवा झालेल्या, वाचा गेलेल्या माणसांसमोर तासन्‌तास बसायला लागलास. आपण फोनवर बोलायचो, लग्नकार्यात भेटायचो. तोपर्यंत मी तुझ्या वरच्या पायरीवर होतो आणि वरच्या पायरीवरून मैत्री सोपी असते.

मग माय पडली.

सावद्याच्या घरात ओट्याशी उभी होती, खाली बसली ती बोलायची बंद झाली. जळगावला आणली तेव्हा उजवी बाजू लुळी होती. स्कॅन मीच वाचला. आईचा मेंदू वाचताना हात थरथरतो की नाही असं लोक विचारतात. नाही थरथरला. डाव्या बाजूला, जिथून शब्द निघतात तिथे, मोठा भाग काळा पडला होता. असे स्कॅन मी शेकड्यांनी पाहिले होते आणि त्याखाली काय लिहायचं ते मला पाठ होतं.

तू चौथ्या दिवशी आलास. मी तिच्या पलंगाशेजारीच उभा राहून फिल्म उजेडाकडे धरली, त्यावर पेन टेकवलं आणि म्हणालो, ‘एवढा सगळा भाग गेलाय. बोलणं परत येणं अवघड आहे.’

तू फिल्मकडे बघितलंच नाहीस. मला दंडाला धरून बाहेर आणलंस.

‘विज्या, तिला सगळं समजतंय. तू बोललास तेव्हा तिनं तोंड भिंतीकडे केलं. दिसलं नाही तुला?’

मला दिसलं नव्हतं. मी चित्र बघत होतो.

त्या दिवशी तुझा राग आला, एवढंच मी स्वतःला सांगितलं. तो राग नव्हता. माझ्या आईच्या चेहऱ्यावरचं एक वाक्य तू वाचलं होतंस आणि मला ती लिपीच येत नव्हती.

पुढचे दोन महिने आम्ही घरी सगळं करून पाहिलं. कपाचं चित्र, कंगव्याचं चित्र, गायीचं चित्र. ‘माय, हे काय आहे? क... कप. म्हण, कप.’ ती आधी प्रयत्न करायची, मग रडायची, मग नुसतीच बघत बसायची. मी आवाज चढवायचो, जणू तिला ऐकू येत नव्हतं. माझी बायको स्मिता एकदा कार्डं माझ्या हातातून काढून घेऊन म्हणाली, ‘त्यांना कपाचं नाव येत नाही असं नाही हो. त्यांना तुमच्यासमोर परीक्षा द्यायची नाहीये.’

मायला तू अक्का म्हणायचास. फोनवर तू मला भलताच प्रश्न विचारलास. ‘अक्काचं माहेर कुठलं?’

‘शिंदखेड्याजवळचं. का?’

‘मग त्या घरात अहिराणी बोलायच्या का?’

नव्हती बोलत. आमच्या सावद्याकडची बोली वेगळी. ती लग्न होऊन आली तेव्हा ‘आहे’ला ‘शे’ म्हणाली की जावा हसायच्या, म्हणून तिनं ते सोडून दिलं, असं मामांनी कधीतरी सांगितलं होतं. मी तिच्या तोंडून ती बोली कधी ऐकली नव्हती. मामा आले की दोघं स्वयंपाकघरात बसून हळू आवाजात बोलायची आणि आम्ही मुलं गेलो की थांबायची. हे मी तुला सांगितलं, आणि सांगताना मला पहिल्यांदाच वाटलं की आपल्या आईला आपल्याला माहीत नसलेली आणखी एक भाषा आहे.

पुढच्या गुरुवारी तू आलास. कार्डं नाहीत, काही नाही. स्मिताकडे परात मागितलीस आणि कळण्याचं, म्हणजे ज्वारी-उडदाचं, पीठ. मायला खाली चटईवर भिंतीला टेकवून बसवलं, परात मध्ये ठेवली आणि तू तिच्या उजव्या बाजूला मांडी घालून बसलास. तिचा डावा हात चालत होता. उजव्याच्या जागी तू तुझा उजवा हात दिलास. एक हात तिचा, एक तुझा, मध्ये एक गोळा. तुला भाकरी थापता येत नव्हती. कडेला भेग पडली. तिनं तुझ्या मनगटावर चापटी मारली, बाजूला सारलं, परत ओढलं. तू तिच्याशी बोलत होतास, सगळं अहिराणीत, तुझ्या आजीकडून शिकलेलं. कुठलं गाव, कुठली नदी, माहेरी किती भावंडं. उत्तराची वाट न बघता. मग सहज विचारल्यासारखं म्हणालास, ‘पीठ कोरडं शे का, अक्का?’

आणि माय म्हणाली, ‘शे.’

स्मितानं दारात तोंडावर हात ठेवला. मायला स्वतःलाच आश्चर्य वाटलेलं दिसलं. तिनं परत म्हणून बघितलं. ‘शे. शे.’ तू वाटीतलं पाणी पिठावर शिंपडलंस आणि थापायला लागलास, जणू विशेष काही झालंच नव्हतं.

मी काय केलं ते आठवतंय तुला? मी तुला जिन्यात गाठून म्हणालो, ‘तो प्रतिध्वनी होता. तुझ्या वाक्यातला शब्द तिनं उचलला. त्याला बोलणं म्हणत नाहीत.’

‘असू दे प्रतिध्वनी,’ तू बूट घालता घालता म्हणालास. ‘कालपर्यंत तोही नव्हता.’

वैद्यकीयदृष्ट्या मी चूक नव्हतो. पण दोन महिन्यांनी पहिल्यांदा आईचा आवाज ऐकलेल्या मुलानं त्या क्षणी जिन्यात उतरून मित्राची चूक काढावी, हे वैद्यकशास्त्र नव्हतं. तिचा पहिला शब्द तुझ्याकडे गेला होता. आणि तोही अशा भाषेत, जी तुम्हा दोघांची होती आणि माझी नव्हती.

गुरुवार तुझा झाला. गुरुवारी ती सकाळीच स्मिताला खूण करून वेणी घालून घ्यायची. घड्याळाकडे बोट दाखवायची. तू आलास की घरातून हसण्याचे आवाज यायचे, आणि मी आत गेलो की ती माझ्याकडे वळून बोलायची बंद व्हायची, कारण माझ्याशी बोलायची भाषा तिच्याकडे अजून परत आली नव्हती. तू हे मला समजावून सांगितलंस. ‘आधी आलेली भाषा आधी परतते, कधी कधी. तुझ्याकडची पण येईल.’ मला समजलं. तरी मी गुरुवारी उशिरा घरी यायला लागलो.

यंत्राची कल्पना तुझीच. हे मी आता लिहून ठेवतो आहे, कारण मी ते एकदा लिहायचं टाळलं आहे.

तू म्हणालास, ‘विज्या, तुझ्याकडे चित्रं आहेत, माझ्याकडे आवाज. दोन्ही एकाच माणसाचे, पण आपण कधी एका टेबलावर ठेवलेच नाहीत.’ जळगावच्या इंजिनिअरिंग कॉलेजातल्या कल्पना मॅडमना तूच शोधून काढलंस. त्या कृत्रिम बुद्धिमत्ता शिकवतात. पेशंटच्या नोंदींची तुझी वही त्यांनी उभ्या उभ्या वाचली आणि मग खुर्ची ओढून बसल्या. त्यांनी आपल्याला सांगितलं ते मला आवडलं होतं. ‘यंत्राला नुसते फोटो दाखवले तर ते फोटोच शिकतं. नुसता आवाज दिला तर आवाजच. पण स्कॅन, आवाज, हातांच्या हालचाली आणि लिहिलेले शब्द हे सगळं एकत्र दिलं, तर एकात जे कमी पडतं ते यंत्र दुसऱ्यातून भरून काढायला शिकतं. लहान मूल नाही का, ताटली बघतं, तिचा आवाज ऐकतं, हातात धरतं, आणि मग म्हणतं ताटली.’

काम ठरलं. पेशंटच्या घरच्यांची लेखी परवानगी घ्यायची. स्कॅन माझ्याकडून, आवाज आणि हातांचे व्हिडिओ तुझ्याकडून. त्यावरून यंत्रानं नवीन पेशंटसाठी सुचवायचं की सुरुवात कुठून करावी: गाण्यातून, चित्रातून, हातातल्या कामातून, आणि कुठल्या बोलीतून. निदान माझ्यासारखा मुलगा दोन महिने कपाचं कार्ड धरून बसणार नाही, असं तू म्हणालास. मला टोमणा वाटला. तू ते सहज बोलला होतास.

तुझ्या रेकॉर्डिंगचे सुरुवातीचे हाल आठवतात. बोललेलं लिहून काढणाऱ्या त्या प्रोग्रॅमला पुस्तकी मराठीच कळायची. आजीबाईंनी ‘शे’ म्हटलं की तो ‘शेत’ लिहायचा, ‘दुखस’ म्हटलं की ‘दुकान’. कल्पना मॅडम हैराण. तू आणि रंजनानं दर रविवारी बसून एकेक वाक्य ऐकून हातानं दुरुस्त केलं. कितीतरी रविवार. तू मोबाइलवर पाठवायचास, ‘आज आमच्या यंत्रानं चाळीसगावच्या आबांना दुकान काढून दिलं.’ मी उत्तरादाखल अंगठा पाठवायचो.

कॉलेजात आपण मुलांसमोर बोललो तो दिवस. माझ्याकडे रंगीत स्लाइड होत्या, मेंदूचे सुंदर काप, मी दोन आठवडे खपलो होतो. मुलांनी शांतपणे ऐकलं. मग तू उठलास, एका मुलीला पुढे बोलावलंस आणि म्हणालास, ‘तोंड न उघडता सांग, सकाळी काय खाल्लं.’ तिनं हातांनी काहीतरी केलं, सगळा हॉल ओरडायला लागला, पोहे, उपमा, पराठा. ती मान हलवत राहिली. शेवटी तिनं हताश होऊन कपाळाला हात लावला आणि तू म्हणालास, ‘हे आत्ता जे तुला झालं ना, ते माझ्या पेशंटला दिवसभर होतं.’ नंतर मुलांचा घोळका तुझ्याभोवती. माझ्याकडे एक प्राध्यापक आले, स्लाइडची फाइल मागायला.

आणि आपला न संपलेला वाद. मी म्हणायचो, स्कॅन हा पाया. बाकी सगळं त्यावर. मेंदू किती गेला हेच शेवटी ठरवतं. तू म्हणायचास, ‘किती गेलं ते तुझं चित्र सांगतं. काय राहिलं ते नाही सांगत.’ कल्पना मॅडमनी शेवटी करूनच बघितलं. एकदा स्कॅन बाजूला ठेवून यंत्राला सुचवायला लावलं. सल्ला थोडाच बिघडला. मग स्कॅन ठेवले आणि हातांचे व्हिडिओ आणि बोलीची माहिती काढून टाकली. तेव्हा यंत्र चाचपडायला लागलं. मॅडमनी पडदा आपल्याकडे वळवला. मीच म्हणालो, ‘पेशंट फार थोडे आहेत. एवढ्यावरून काही म्हणता येणार नाही.’

तू म्हणालास, ‘बरोबर आहे. थोडेच आहेत.’

तू मला बरोबर म्हणालास याचाच मला जास्त त्रास झाला. कारण तू ते मनापासून म्हणत होतास, आणि मी नव्हतो.

आता ती गोष्ट.

शोधनिबंध मी लिहिला. इंग्रजी माझं चांगलं, तू म्हणालास तूच लिही. वर नावं घालायची वेळ आली. मी माझं नाव घातलं, पदव्यांसकट. कल्पना मॅडमचं घातलं. तुझं टाइप केलं, आणि पुसलं. शेवटी आभाराच्या परिच्छेदात एक ओळ लिहिली: ध्वनिमुद्रणाच्या साहाय्याबद्दल. मॅडम तेव्हा मुलीच्या बाळंतपणासाठी रजेवर होत्या, त्यांनी माझ्यावर भरवसा ठेवून न बघता होकार दिला. मी स्वतःला कारणं दिली. तुझ्याकडे डॉक्टरची पदवी नाही, नियतकालिकवाल्यांना लागते. तू नावासाठी काम करणारा माणूस नाहीस. पुढच्या निबंधात घालू.

छापून आल्यावर तू माझ्या खोलीत आलास. पडद्याच्या निळ्या उजेडात उभ्यानं वाचलंस. पहिलं पान, मग पानं उलटून शेवटचं. मी समोरच्या स्कॅनमध्ये काहीतरी शोधत असल्याचं दाखवत होतो.

‘रेकॉर्डिंग चांगलं झालंय म्हणजे,’ तू म्हणालास.

मग चहा मागवलास. चहा पिताना एरंडोलच्या एका नव्या पेशंटबद्दल सांगितलंस, शिक्षक होते, आता फक्त आकडे म्हणता येतात आणि ते आकड्यांतच रागावतात. आणि गेलास. पुढच्या गुरुवारी वेळेवर आलास. माझ्या आईच्या शेजारी बसून तुझा हात तिला दिलास.

आपल्याकडे अशा वगळण्याला दुसरं एक नाव आहे, सुमेध. एका घरातला मुलगा वर बसतो आणि दुसऱ्या घरातल्या मुलाचं नाव खाली आभारात जातं, याला तुझ्या वडिलांनी आणि आजोबांनी काय म्हटलं असतं ते आपल्या दोघांना माहीत होतं. तू ते नाव घेतलं नाहीस. घेऊ शकला असतास. घेतलं असतंस तर मी भांडलो असतो, म्हणालो असतो की माझ्या मनात तसलं काही नव्हतं. आता भांडायला कुणी नाही, तेव्हा विचारतो स्वतःला, आणि माझं उत्तर मला ठाम येत नाही. हेवा होता, ते नक्की. पण तुझ्याऐवजी दुसऱ्या कुणाचा हेवा वाटला असता, तर त्याचं नाव पुसायला माझा हात इतका सहज गेला असता का?

मी बोलणार होतो. खरंच. ‘बोलू एकदा’ म्हणत मी आठ महिने काढले.

तू शिंदखेड्याहून पेशंट बघून येत होतास. छातीत दुखतंय म्हणून स्टँडवरच्या बाकावर बसलास. तिथून तुला दवाखान्यात नेलं, पण तोपर्यंत सगळं संपलं होतं. रंजनाचा फोन आला तेव्हा माझ्या पडद्यावर कुणाचं तरी हृदय होतं. तुझं एकही चित्र माझ्याकडे कधी आलं नाही. इतक्या वर्षांत मी तुला एकदाही म्हणालो नाही की ये, एकदा तपासून टाकू.

दुसऱ्याच दिवशी मी नियतकालिकाला लिहिलं. काय केलं, का केलं, सरळ लिहिलं. कल्पना मॅडमना फोन केला. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, ‘माझी संमती आत्ता पाठवते. पण सर, हे ते असताना का नाही केलंत?’

आठवड्यानं उत्तर आलं. नाव वाढवायचं तर नियमाप्रमाणे ज्यांचं नाव वाढवायचं त्यांची सही जोडा. मी परत लिहिलं की ते गेले. आता त्यांची समिती विचार करते आहे. काय ठरेल माहीत नाही.

राहिली माय.

तिला सांगायचं माझ्याच्यानं होईना. पहिल्या गुरुवारी तिनं वेणी घालून घेतली, वाट बघितली. मी खूण केली, काम आहे, आज नाही. ती मला फसली. दुसऱ्या गुरुवारी, म्हणजे परवा, तिनं परत घड्याळाकडे बोट दाखवलं तेव्हा मी तिच्यासमोर बसलो.

‘माय, सुमेध गेला.’

तिनं मान डोलावली. गेला, धुळ्याला. मग भुवया उंचावून हात फिरवला: परत कधी?

मी दुसरे शब्द वापरले. वारला. आता नाही. ती माझ्या ओठांकडे बघत होती आणि तिला शब्द पोचत होते, पण त्यांचा अर्थ ती घेत नव्हती, किंवा घ्यायचा नव्हता. मोबाइलमध्ये तुझा फोटो होता, पिठानं भरलेल्या हातांचा. तो मी तिच्या मांडीवर ठेवला. तिचा डावा हात घेतला, माझ्या छातीवर ठेवला, धडधड तिला लागू दिली. मग तो हात उचलून तुझ्या फोटोवर टेकवला. आणि मान हलवली, नाही. तिथे काही नाही.

आयुष्यात पहिल्यांदा मी कुणाला तरी सगळ्या बाजूंनी मिळून एक गोष्ट सांगितली. तुझी पद्धत. तूच नव्हतास बघायला, आणि बरं झालं नव्हतास.

तिनं हात ओढून घेतला. कितीतरी वेळ रडली, मला जवळ येऊ दिलं नाही. मग पदरानं तोंड पुसून म्हणाली, ‘चाल.’

‘कुठे?’

तिनं तुझा फोटो दाखवला. ‘चाल.’

काल तिला घेऊन धुळ्याला गेलो. एरंडोल, पारोळा, सगळा रस्ता ती खिडकीबाहेर बघत होती. तुझ्या घरी रंजना एकटीच होती. बाबासाहेबांच्या आणि बुद्धाच्या तसबिरींखाली तुझा फोटो नवीन लावला आहे, अजून त्याची काच चकचकीत आहे. मायला खुर्ची दिली तर ती खाली बसली, रंजनाच्या शेजारी, आणि तिचा हात आपल्या डाव्या हातात घेतला. मी दारातच थांबलो. दोघी अहिराणीत बोलत होत्या. रंजना वाक्यं, माय एकेक शब्द. मला निम्मं कळलं. तुझं जेवण, तुझा खोकला, तू शेवटच्या दिवशी काय घालून गेलास. माय तीन वर्षांत माझ्याजवळ बोलली नसेल इतके शब्द तिनं अर्ध्या तासात काढले, प्रत्येकाला जोर लावून.

मग ती फोटोकडे बघून म्हणाली, ‘मन्हा... आंडोर... गया.’

आंडोर म्हणजे मुलगा, एवढं मला येतं. माझा मुलगा गेला.

रंजनानं माझ्याकडे पाहिलं. तिला वाटलं असावं की मला लागलं. ती मायला हळूच म्हणाली, ‘अक्का, तुमना आंडोर आठे शे ना. दारमा उभा शे.’

माय वळली. माझ्याकडे नीट बघितलं. मग तिनं डावा हात वर केला आणि दोन बोटं उभी केली. दोन. ती तशीच धरून ठेवली, आम्हाला दोघांना दिसेपर्यंत. आणि मग त्यातलं एक सावकाश मिटलं.

मी आत जाऊन तिच्याजवळ बसलो. तिनं मला जागा करून दिली. पण बघत होती ती त्या मिटलेल्या बोटाकडेच, आणि सुमेध, तुला खरं सांगतो, तेव्हाही मला तुझा हेवा वाटला.

विजय